साप असो की सुरवंट, नुसत्या रंगावरून ओळखू नका

प्रति,
मा. संपादक,
सप्रेम नमस्कार वि. वि.

मृगाच्या सरी पडल्या की बिळांत पाणी शिरते, साप बाहेर पडतात आणि दोन-चार दिवसांत मारलेल्या सापांचे फोटो नागपूरभर मोबाइलवर फिरू लागतात. खाली ठरलेली ओळ असते, ‘जहाल विषारी मण्यार’. काळपट अंगावर पांढरे आडवे पट्टे दिसले की बहुतेकांच्या लेखी तो मण्यारच. प्रत्यक्षात त्यातले कितीतरी साप कवड्या जातीचे, म्हणजे पूर्णपणे बिनविषारी असतात. वर्तमानपत्रांतही असा फोटो अधूनमधून चुकीच्या नावाने छापून येतो आणि मग हजारो घरांत तीच चुकीची ओळख पक्की होते. पावसाळा तोंडावर आहे, म्हणून हे पत्र जरा विस्ताराने लिहीत आहोत. सापांपासून सुरुवात केली असली तरी तीच चूक फुलपाखरे, अळ्या, माश्या आणि पक्ष्यांची अंडी यांच्या बाबतीतही रोज होते, आणि तिचे कारण एकच आहे.

निसर्गात फसवण्याचे ढोबळमानाने दोन मार्ग आहेत. एक म्हणजे आजूबाजूच्या पार्श्वभूमीत मिसळून दिसेनासे होणे, याला मायावरण म्हणतात. दुसरा म्हणजे चांगले ठळक दिसायचे, पण भलत्याच कुणाचे तरी सोंग घेऊन, ही अनुकृती. हेन्री वॉल्टर बेट्स हा इंग्रज निसर्ग अभ्यासक १८४८ ते १८५९ अशी अकरा वर्षे अ‍ॅमेझॉनच्या जंगलात राहिला. पक्ष्यांना न रुचणाऱ्या फुलपाखरांसारखीच दिसणारी, पण खायला अगदी निर्धोक अशी फुलपाखरे त्याला तिथे सापडली. १८६२ साली त्याने त्याचा अर्थ मांडला. बेचव प्राण्याचा रंग शिकारी एकदा तोंड पोळल्यावर लक्षात ठेवतो, आणि त्या आठवणीचा फायदा सोंग घेणाऱ्याला मिळतो. पुढे १८७८ च्या सुमारास फ्रिट्झ म्युलर याने ब्राझीलमध्ये दुसरी बाजू दाखवली : दोन्ही जाती बेचव असल्या तरी त्या एकसारख्या दिसतात, कारण मग शिकाऱ्याला धडा देण्यासाठी प्रत्येक जातीचे बळी कमी जातात.

यात एक गोष्ट फार महत्त्वाची आहे आणि शाळेच्या पुस्तकात ती सहसा नसते. सोंग घेणारा प्राणी मूळ प्राण्याची हुबेहूब प्रत नसतो. ज्याला फसवायचे तो पक्षी किंवा सरडा जे पाहून निर्णय घेतो, तेवढेच पिढ्यान्‌पिढ्यांच्या निवडीतून सारखे होत जाते. ज्याकडे त्याचे लक्षच जात नाही, ते मूळचे राहते. त्यामुळे ओळख पटवायची असेल तर रंग, पट्टे आणि ठिपके बाजूला ठेवून, नक्कल न झालेल्या रचनेकडे पाहायचे.

आता मण्यार आणि कवड्या. दोघेही निशाचर, दोघेही घरात शिरणारे. पूर्ण वाढलेल्या मण्याराचे अंग चकचकीत, निळसर काळे असते. मानेकडच्या भागात पट्टे नसतात किंवा तुटक ठिपक्यांसारखे असतात. शेपटीकडे जावे तसे ते ठळक होतात आणि बहुधा जोडीजोडीने येतात. कवड्याचे नेमके उलटे असते. अंग तपकिरी, मानेपाशी पट्टे रुंद आणि स्पष्ट, शेपटीकडे विरत गेलेले. शिवाय त्याचा पट्टा कुशीवर उतरताना फाटतो आणि तिथे जाळीसारखी नक्षी होते.

बहुतेक माहितीपत्रके इथेच थांबतात, आणि गफलत इथेच होते. मण्याराच्या पिल्लाला पट्टे मानेपासूनच असतात. वय झालेल्या मण्याराचे पट्टे कधीकधी इतके पुसट होतात की तो एकरंगी काळा वाटतो. कात टाकण्याच्या आधीच्या दिवसांत दोघांचेही रंग मळकट, दुधाळ दिसतात. टॉर्चच्या उजेडात तपकिरी अंग काळे दिसते. त्यात भर म्हणजे पट्टेरी कवड्या नावाची कवड्याचीच दुसरी जात काळ्या अंगावर पांढुरके पट्टे घेऊन फिरते. ती तर जाणकारालाही क्षणभर थबकायला लावते.

खात्रीची खूण खवल्यांत आहे. मण्याराच्या पाठीच्या बरोबर मध्यरेषेवर खवल्यांची एक रांग असते. तिचे खवले शेजारच्या खवल्यांपेक्षा उघड मोठे आणि षट्कोनी असतात, मानेपासून शेपटीपर्यंत फरशी बसवल्यासारखे. कवड्याच्या पाठीवर अशी रांग नसते, सगळे खवले जवळजवळ एका मापाचे. शेपटीच्या खालच्या बाजूला मण्याराचे खवले अखंड, एकेरी असतात. कवड्याचे मधोमध दुभागलेले, दुहेरी. अंगाच्या मध्यावर आडवे मोजले तर मण्याराच्या खवल्यांच्या रांगा बहुधा १५ भरतात, कवड्याच्या १७. जिवंत सापाच्या जवळ जाऊन हे मोजायचे नाही, आणि मेलेल्या सापालाही हात लावायचा नाही, कारण मेल्यानंतर काही वेळ जबडा आपोआप चावू शकतो. मग हे तपासायचे कुठे? कातीवर. घराच्या कोपऱ्यात, विटांच्या ढिगात किंवा जिन्याखाली सापडलेल्या कातीत रंग जवळजवळ नसतो, रचना मात्र सगळीच उमटलेली असते. कात पाण्याने ओली करून पांढऱ्या कागदावर पसरा आणि पाठीच्या मध्यरेषेवर पाहा. मोठ्या षट्कोनी खवल्यांची रांग दिसली तर घरात मण्याराचा वावर आहे हे धरून चाला. कात फाटलेली असेल किंवा फक्त पोटाकडचा भाग मिळाला असेल तर यावरून निष्कर्ष काढू नका.

वागण्यावरून ओळखण्याचा मोह टाळावा. कवड्या पालींच्या मागे भिंतीवर आणि खिडकीच्या चौकटीवर सहज चढतो, हे खरे. पण मण्यार चढतच नाही असे नाही, म्हणून ‘भिंतीवर आहे, म्हणजे कवड्या’ हा तर्क जिवावर बेतू शकतो. मण्यार दिवसा सुस्त असतो, डिवचले तरी डोके वेटोळ्यात लपवतो, आणि त्यामुळेच लोक त्याला गरीब समजून हाताळतात.

घोणसच्या बाबतीत हीच गफलत उलट दिशेने होते आणि ती जास्त घातक आहे. विदर्भाच्या काही भागांत घोणसला परड म्हणतात. डुरक्या घोणस हा बिनविषारी, जाडसर साप आणि अजगराचे पिल्लू या दोघांच्याही अंगावर तपकिरी डाग असतात. डुरक्या घोणस मारला जातो, ते वाईटच. पण अजगराचे पिल्लू समजून कुणी घोणस उचलली तर ती चूक सुधारायला वेळ मिळत नाही. घोणसच्या पाठीवर गडद कडांच्या लंबगोल डागांच्या तीन रांगा असतात, साखळीच्या कड्यांसारख्या. डुरक्याचे डाग वेडेवाकडे, एकमेकांत मिसळलेले असतात. त्याची शेपटी आखूड व बोथट असते आणि डोके मानेपासून वेगळे उठून दिसत नाही. अजगराच्या पिल्लाचे डाग मोठे व अनियमित, खवले गुळगुळीत, तकाकीदार. घोणसचे खवले खरखरीत असतात, डोके त्रिकोणी, आणि फूत्कार कुकरच्या शिटीसारखा लांबपर्यंत ऐकू येतो. पण यातले काहीही सहा-सात फुटांच्या आत जाऊन पाहण्याचे नाही.

दंशाबद्दल थोडक्यात. मण्याराचा दंश बहुधा रात्री, जमिनीवर झोपलेल्या माणसाला होतो. खूण जेमतेम दिसते, सूज आणि वेदना नगण्य असतात. पहाटे पोट दुखते, उलटी होते, मग पापण्या जड होऊन मिटू लागतात, गिळता येत नाही, श्वास अडखळतो. सूज नाही म्हणजे विष नाही, असे समजून सकाळपर्यंत वाट पाहणे हीच यातली सर्वांत मोठी चूक. दंश झालेला अवयव हलू न देता, न आवळता, न चिरता, १०८ वर फोन करून थेट रुग्णालय गाठावे. आपल्याकडचे प्रतिविष नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चारही सापांच्या विषावर एकत्र चालते, म्हणून साप मारून सोबत नेण्याची गरज नसते. खाट आणि गादीखाली नीट खोचलेली मच्छरदाणी हा मण्याराविरुद्धचा सर्वांत स्वस्त उपाय आहे.

सापांनंतर फुलपाखरांकडे वळणे काहींना हलके वाटेल, पण नक्कल म्हणजे काय हे समजून घ्यायला त्यांच्याइतकी सोपी शाळा नाही. शिवाय इथे चुकले तरी धोका नाही. अंबाझरी, सेमिनरी हिल्स किंवा गोरेवाड्याच्या कडेला रुईची झुडपे आहेत तिथे ऑगस्ट ते ऑक्टोबर नारिंगी रंगाचे, काळ्या टोकांवर पांढरे ठिपके असलेले प्लेन टायगर फुलपाखरू संथपणे उडताना दिसते. त्याची अळी रुईची पाने खाते आणि रुईतली विषारी द्रव्ये अंगात साठवते, म्हणून पक्षी त्याच्या वाटेला जात नाहीत. डॅनेड एगफ्लाय नावाच्या फुलपाखराची मादी डिट्टो तशीच दिसते, पण ती निर्धोक आहे. तिची अळी घोळीच्या भाजीच्या कुळातल्या झाडांवर वाढते. फरक कुठे पाहायचा? मागच्या पंखावर. प्लेन टायगरच्या मागच्या पंखाच्या मध्यभागी तीन-चार काळे ठिपके असतात. एगफ्लायच्या मादीला मागच्या पंखाच्या वरच्या कडेला एकच काळा ठिपका असतो, मध्यभाग कोरा. उडणाऱ्या फुलपाखराकडे झेपावणारा पक्षी ठिपके मोजत बसत नाही. ठिपक्यांची नक्कल अर्धवट राहिली ती त्यामुळेच असावी. एगफ्लायचा नर तर या खेळात नाहीच. तो काळा, प्रत्येक पंखावर जांभळ्या कडांचे पांढरे ठसे असलेला. एकाच जातीत मादी सोंग घेते आणि नर घेत नाही.

याहून गुंतागुंतीचे प्रकरण आपल्या घरच्या कढीपत्त्यावर घडते. कॉमन मॉर्मन या काळ्या फुलपाखराच्या माद्या तीन रूपांत येतात. एक रूप नरासारखे, दुसरे कॉमन रोझ या बेचव फुलपाखरासारखे आणि तिसरे क्रिमसन रोझ या तशाच दुसऱ्या फुलपाखरासारखे. दोन्ही रोझच्या अळ्या ईश्वरी, किडामारी अशा वेलींची विषारी पाने खातात. पंखांवरचे पांढरे पट्टे, लाल चंद्रकोरी, सगळे मॉर्मनच्या मादीने उचलले आहे. पण अंगाकडे पाहा. रोझचे धड लाल असते, मॉर्मनच्या मादीचे काळे. एवढी एक खूण दहा फुटांवरून पटते. एकाच आईच्या पोटी वेगवेगळी रूपे कशी निघतात, अधलीमधली खिचडी का होत नाही, या प्रश्नाचे उत्तर कृष्णमेघ कुंटे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१४ साली ‘नेचर’ या नियतकालिकात दिले. नर-मादीची लक्षणे ठरवणारे ‘डबलसेक्स’ हे एकच जनुक हा सगळा वेष एका झटक्यात बदलते. मराठी वाचकांनी अभिमानाने जाणून घ्यावे असे हे संशोधन आहे, आणि त्याचा विषय आपल्या कुंडीतल्या कढीपत्त्यावर वाढतो.

सोंग चालायचे तर मूळ प्राणी भरपूर हवा. नकली जास्त आणि अस्सल कमी झाले की पक्ष्यांना ‘हे खाल्ले तरी काही होत नाही’ असा अनुभव येतो आणि दोघांचेही संरक्षण जाते. काळ्या मातीतली किडामारी तण म्हणून मुळासकट काढली जाते. ती माणसाच्या मूत्रपिंडाला अपायकारक आहे, म्हणून घरगुती औषध म्हणून पोटात घेऊ नये हे नक्की. पण धुऱ्यावर चार वेली राहू दिल्या तर पिकाचे काही बिघडत नाही.

आता संत्रा आणि लिंबू. नागपूरच्या बागायतदाराला लिंबावरच्या फुलपाखराची अळी वेगळी सांगायला नको, पण घरच्या कुंडीत ती पाहणाऱ्यांचा गोंधळ होतो. मादी कोवळ्या पानावर एकेक सुटे, फिकट पिवळे, गोल अंडे घालते. अळी लहान असताना काळपट तपकिरी, मध्ये पांढरा पट्टा, वर ओलसर चकाकी : पक्ष्याची विष्ठा पानावर पडली आहे असेच वाटते. पक्षी आपलीच घाण खायला जात नाही. चौथ्यांदा कात टाकेपर्यंत हे सोंग चालते. पण अळी दीड इंचाकडे झुकली की एवढी मोठी विष्ठा कुणाला पटायची नाही. म्हणून चौथ्या कातीनंतर ती एकदम पानासारखी हिरवी होते. तरीही कुणी छेडले तर डोक्यामागून दोन शिंगांसारखा लालसर मांसल अवयव बाहेर काढते आणि उग्र आंबूस वास सोडते. तो अवयव डंख मारत नाही.

मोठ्या, फळावर आलेल्या झाडावर पाच-दहा अळ्यांनी फरक पडत नाही. रोपवाटिकेत मात्र पडतो. सहा-आठ पानांचे रोप एक मोठी अळी एक-दोन दिवसांत बोडके करते. तिथे रोज सकाळी विष्ठेसारखे दिसणारे ठिपके बोटाने हलवून पाहावेत. हलले तर अळी. हाताने वेचून बाजूच्या बेलाच्या किंवा जुन्या लिंबाच्या झाडावर सोडता येतात. हिरवी झाल्यावर शोधायला गेले तर अर्धे रोप संपलेले असते, म्हणून काळी-पांढरी असतानाच लक्ष ठेवावे.

शाळांसाठी यातच एक सुरेख प्रयोग आहे. मोठ्या हिरव्या अळ्या दोन बरण्यांत ठेवा, तोंडावर मलमलीचे कापड. एकीत हिरव्या, गुळगुळीत, पानांसकट फांद्या. दुसरीत वाळक्या, खडबडीत काटक्या. खायला रोज ताजा कढीपत्ता, पाने पुसून कोरडी करून. ओली पाने दिली की बरणीत बुरशी येते आणि अळ्यांना हगवण लागून त्या मरतात. प्रयोग फसण्याचे हेच नेहमीचे कारण. अळी खाणे थांबवते, पातळ विष्ठा टाकते आणि फांदीला कमरेभोवती धागा बांधून बसते. कोष हिरवा होणार की तपकिरी, हे त्याच तासांत ठरते. नंतर फांदी हलवून काही उपयोग नाही. हिरव्या बरणीत बहुतेक कोष हिरवे आणि काटक्यांच्या बरणीत बहुतेक तपकिरी निघतात. एखादा अपवाद निघाला तर मुलांना तोही नोंदवू द्यावा. फवारलेल्या झाडाची पाने मात्र अजिबात वापरू नयेत.

तगर आणि कण्हेरीवर दिसणारी, बोटाएवढी जाड हिरवी अळी पाहून तर लोक सरळ फवारणी करतात. कण्हेरीच्या हॉकमॉथ या पतंगाची ही अळी डिवचली की डोके आत ओढते आणि मानेवरचे दोन निळे-पांढरे डोळे फुगवून दाखवते, एखाद्या छोट्या सापासारखे. शेपटीकडचे टोक हे शिंग नव्हे आणि नांगीही नव्हे, ते मऊ असते. कोषात जाण्यापूर्वी ती तपकिरी होऊन जमिनीवर उतरते आणि पालापाचोळ्यात शिरते. रात्रीतून अळी गायब झाली म्हणून घाबरून पुन्हा फवारू नये.

फवारणीचा विषय निघालाच आहे तर सिरफिड माशीबद्दल लिहायलाच हवे. पिवळे-काळे पट्टे असल्यामुळे ती मधमाशी किंवा गांधीलमाशी वाटते. पण तिला पंखांची एकच जोडी असते, मधमाशीला दोन. शृंगिका, म्हणजे डोक्यावरच्या मिश्या, अगदी आखूड, डोळे मात्र जवळजवळ सगळे डोके व्यापणारे. हवेत एका जागी स्थिर तरंगते, मग झटकन बाजूला सरकते. तिला नांगीच नाही. तिची बिनपायाची, एका टोकाला निमुळती हिरवट अळी मावा फस्त करते. माव्याच्या वसाहतीत ही अळी दिसली की तिलाच कीड समजून विषारी औषध मारले जाते. मावा आठवडाभरात परत येतो, अळी येत नाही. संत्र्याच्या नवतीवर मावा दिसला तर फवारण्याआधी दहा-बारा शेंडे भिंगातून पाहावेत. बहुतेक शेंड्यांवर अशा अळ्या असतील तर चार-पाच दिवस थांबावे.

आंब्यावर पाने शिवून घरटी करणाऱ्या तांबड्या मुंग्यांमध्ये एक कोळी मुंगी होऊन वावरतो, हेही जाताजाता. पुढचे दोन पाय उचलून तो मुंगीच्या शृंगिकांसारखे हलवतो. पाय मोजले तर आठ, आणि धक्का लागला की तो धाग्यावर लोंबकळतो. मुंगी धागा सोडत नाही.

आतापर्यंत सोंगाबद्दल लिहिले. लपणाऱ्यांची अडचण वेगळी आहे : त्यांची पार्श्वभूमी आपण बदलतो.

टिटवीचे घ्या. शहराभोवतीच्या ले-आउटमध्ये मुरूम टाकलेले रिकामे प्लॉट तिला आवडतात. उन्हाळ्यापासून पाऊस लागेपर्यंत ती उघड्या जमिनीवर, बारीक खड्यांच्या उथळ खळग्यात बहुधा चार अंडी घालते. मातकट रंगावर काळे डाग. चारही अंड्यांची निमुळती टोके आत वळवलेली. दोन पावलांवर उभे राहूनही दिसत नाहीत. पिल्ले बाहेर यायला साधारण चार आठवडे लागतात, आणि बाहेर आल्यावर ती लवकरच चालू लागतात. म्हणजे प्लॉटचे काम महिनाभर पुढे ढकलले तरी पुरते. टिटवी ओरडत डोक्यावर घिरट्या घालत असेल किंवा पंख मोडल्यासारखे करत तुम्हाला एका दिशेला नेत असेल, तर जागीच थांबा, पायाखाली पाहा आणि आलात त्याच पावलांनी मागे फिरा. जेसीबी चालकाला कळावे म्हणून खळग्यापासून आठ-दहा फुटांवर चार विटा ठेवाव्यात. खळग्याच्या अगदी शेजारी रंगीत झेंडी रोवू नये, कारण कावळे आणि कुत्रे अशी खूण पाहून जागा शोधतात. अंडी उचलून ‘सुरक्षित’ जागी ठेवणे तर मुळीच नको.

रातवा हा निशाचर पक्षी त्याहून पुढे गेलेला. सागाच्या वाळक्या पानांत तो दिवसभर डोळे किलकिले करून बसतो, कारण मोठा काळाभोर डोळा उघडा राहिला तर तेवढ्यानेही तो पकडला जाईल. जवळ गेलात तरी शेवटच्या क्षणापर्यंत उडत नाही. पाचोळ्याला लावलेली आग त्याच्यापर्यंत पोहोचते तेव्हाही त्याची हीच सवय आड येते.

पाचोळ्यावर अवलंबून असलेला आणखी एक सामान्य प्राणी म्हणजे कॉमन इव्हिनिंग ब्राउन हे संध्याकाळी उडणारे फुलपाखरू. पावसाळ्यात जन्मलेल्यांच्या पंखांच्या खालच्या बाजूला कडेने डोळ्यांसारखी वर्तुळे असतात. पक्ष्याची चोच धडाऐवजी त्या कडेवर पडते आणि जीव वाचतो. हिवाळा-उन्हाळ्यात निपजलेल्यांना ही वर्तुळे जवळजवळ नसतात. पंख वाळक्या पानासारखे, डाग आणि शिरांसकट. ते पाचोळ्यात एका कुशीवर कलते आणि पान होऊन जाते. एकच जात, दोन ऋतूंचे दोन वेष. फेब्रुवारी ते एप्रिल आपल्याकडे पानगळ, आणि नेमक्या त्याच महिन्यांत बगिच्यांत पान न्‌ पान झाडून ढीग पेटवले जातात. उघड्यावर कचरा जाळण्यास घनकचरा व्यवस्थापन नियमांतही मनाई आहे. प्रत्येक उद्यानात एका कडेला दहा-पंधरा फूट लांब पट्टा, पाचोळ्याचा अर्धा फूट थर, एवढे राखले तरी पुष्कळ. डासांची भीती घालतात ती चुकीची आहे. डास साचलेल्या पाण्यात वाढतात, कोरड्या पानांत नाही. सापांची भीती मात्र रास्त आहे. म्हणून हा पट्टा घरांच्या भिंती, खेळण्याची जागा आणि चालण्याच्या वाटेपासून वीस-पंचवीस फूट दूर असावा. बगिच्याच्या आतल्या झाडांना गेरू-चुना फासणेही थांबवावे असे आमचे मत आहे. रस्त्याकडेच्या झाडांना रात्री दिसण्यासाठी तो लावतात, पण आतल्या झाडांना त्याचे काम नाही, आणि सालीच्या रंगाचे पतंग त्या पांढऱ्या पट्ट्यावर दिवसाढवळ्या उघडे पडतात.

वाघासाठी पेंच-ताडोब्याला जाणाऱ्या पर्यटकांना एक प्रश्न हमखास पडतो : इतका भडक केशरी प्राणी लपतो कसा? चितळ-सांबराच्या डोळ्यात रंग ओळखणाऱ्या पेशी दोनच प्रकारच्या असतात, आपल्यासारख्या तीन नाहीत. केशरी आणि हिरवा त्यांना जवळपास सारखाच दिसतो. उरतात ते पट्टे, आणि ते गवताच्या सावल्यांत मोडून जातात. वाघाचा रंग आपल्या डोळ्यांसाठी घडलेलाच नाही.

संपादक महोदय, आपल्याकडे दोन विनंत्या आहेत. पावसाळ्याच्या चार महिन्यांत आठवड्यातून एकदा, दोन सारख्या दिसणाऱ्या जीवांचे शेजारी-शेजारी फोटो आणि फरकाची एकच खूण, अशी छोटी चौकट छापावी. मण्यार-कवड्या, घोणस-डुरक्या, मधमाशी-सिरफिड, शिकरा-पावशा अशा जोड्या इथल्याच घ्याव्यात; परदेशी फोटो वापरले की वाचक पुन्हा रंगावर जातो. दुसरी विनंती वाचकांनी पाठवलेल्या सापांच्या फोटोंबद्दल. त्यांना सांगावे की फोटो किमान सहा-सात फुटांवरून, झूम करून काढा. एक पूर्ण सापाचा आणि एक अंगाच्या मधल्या भागाचा, पाठीच्या मध्यरेषेवरचे खवले दिसतील असा. फण्याचा किंवा डोक्याचा फोटो काढायला कुणी जवळ जाऊ नये. सापांना १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचे संरक्षण आहे. घरात साप दिसला तर वन विभागाच्या १९२६ या क्रमांकावर कळवावे आणि मदत येईपर्यंत लांबून त्याच्यावर नजर ठेवावी. नजरेआड झालेला साप शोधणे फार अवघड जाते. ज्या फोटोत मधल्या भागाचे खवले स्पष्ट नाहीत, त्याखाली ‘मण्यार’ असे न छापता ‘पट्टेरी साप, ओळख पक्की नाही’ एवढेच छापावे.

आपले,
काही निसर्ग अभ्यासक, नागपूर